जमीन शोधतोय

पवईच्या कुणा मुलाने नोकरी बदलताना विकलेला
तो चष्मा ओजसने शनिवारी घरी आणला
भाजीच्या पिशवीतून, वर कोथिंबिरीची जुडी ठेवून,
आईने किंमत विचारू नये म्हणून.

चष्मा म्हणाला : दोन मीटर बाय दोन मीटर मोकळी जागा हवी.
आम्ही एकमेकांकडे पाहिलं.
दिवाण भिंतीला उभा केला,
शिलाई मशीन गॅलरीत, तिच्यावर बादल्या,
आई तांदळाचं सूप घेऊन जिन्यात जाऊन बसली
आणि तिथूनच म्हणाली, फ्रिज हलवायचा नाही.
मी टेप धरली. एक मीटर नव्वद.
"घे ना चालवून," ओजस चष्म्याला म्हणाला,
रिक्षावाल्याला म्हणावं तसं.

मग हद्द आखायची होती.
हवेत हात फिरवत त्याने रेघ ओढली,
निळी आहे म्हणाला, आम्हाला काही दिसली नाही;
फ्रिजला वळसा घालून, मोरीचा उंबरा चुकवून
ती परत त्याच्या पायाशी आली असावी.
पंखा बंद केला. हात वर गेला तर बोटं जायची.

खोली ओळखू येत नाही, चष्मा म्हणाला.
कपाटाच्या आरशावर मी चादर टाकली.
उजेड थरथरतो आहे, म्हणाला.
सेटिंगमध्ये जाऊन पन्नास हर्ट्झ निवडायचं होतं फक्त;
हे कळायला पाऊण तास लागला
आणि शेजारच्या जुईलीचा भाऊ.
डावा हात तरंगत जाऊन छताला चिकटला,
म्हणून भिंतीवरच्या घड्याळातला सेल काढून त्यात घातला.
भिंतीवर नऊ दहा झाले ते झालेच.

शेवटचं दुखणं जमिनीचं.
खेळातल्या राजवाड्यात ओजस
गुडघ्यापर्यंत फरशीत रुतलेला.
जमीन शोधतोय, चष्मा सांगत राहिला,
जमीन शोधतोय,
आणि दारात तंबाखू मळत उभे असलेले बाबा हसले.

अडतीस वर्षं लादी बसवली बाबांनी,
मुलुंडपासून मलबार हिलपर्यंत.
भांडुपच्या या खोलीत मात्र
तीन कामांवरून उरलेल्या तीन छटा.
"चकाकते म्हणून दिसत नसेल त्याला," म्हणाले. "पोतं टाक."
पोतं टाकलं.
सापडली.

बाबांना चष्मा घालताना पट्टा अडला,
कानावर पेन्सिल होती.
समोर राक्षस, उजव्या हातात तलवार, डाव्या हातात ढाल.
बाबा राक्षसाकडे बघेचनात.
उकिडवे बसले, कामावर बसतात तसे.
"संगमरवर बरा आहे. पण एकच लादी छापलीय सगळीकडे.
ही शीर बघ, परत तिथे, परत तिथे.
एवढ्या मोठ्या राजाला दुसरा दगड मिळाला नाही?"

राक्षस मारत असणार. ओजस ओरडत होता,
ढाल, बाबा, ढाल!
बाबांनी ढाल खाली ठेवली,
पोत्याच्या पलीकडे सरकले
आणि बोटाच्या पेराने राजाच्या फरशीवर
टकटक केलं.

एक. भरीव.
दुसरी. भरीव.
तिसरी, आमच्या मोरीकडची,
बोलली.

जिन्यातून आई म्हणाली,
"सात वर्षं सांगतेय मी."

बाबा तसेच बसून राहिले,
डोळ्यांवर राजवाडा, बोट आमच्या लादीवर.
राक्षसाने पुढे काय केलं ते चष्म्यालाच माहीत.

रविवारी मला जाग आली ती छिन्नीच्या आवाजाने.
दिवाण अजून उभाच, घड्याळात अजून नऊ दहा,
लादी निघालेली, खाली मूठभर हवा.
बाबा घमेल्यात माल कालवत होते.
"चोवीस तास इथे पाय ठेवायचा नाही," ओजसला म्हणाले,
"तुझ्या त्या चष्म्यालाही सांग.
हद्द नवी आखायला लाव."