चार मिनिटं दहा सेकंद

कॅमेरा औषधांच्या दुकानाच्या पायरीवर मांडला होता,
पुतळ्यातल्या घोड्याचा फक्त मागचा पाय दिसेल असा.
अकरा दिवस.
पायसांदूच्या या चौकात काखेत थर्मास असल्याशिवाय
कुणी साधं भांडतही नाही.
एका हातात कडू चहाचा तुंबा, दुसऱ्याने हातवारे,
आणि कोपर अंगाशी घट्ट,
आत तान्हं मूल निजलेलं असावं तसं.

सगळं घेतलं.
सव्वाबाराला उधळलेले शाळेचे पांढरे डगले,
गळ्याशी सुटत आलेले निळे बो,
बँकेतून बाहेर येऊन पावती दोनदा वाचणारी बाई.
आणि वॉशिंग्टन.
इथे गल्लोगल्ली एखादा वॉशिंग्टन असतोच, बापांची हौस.
हा सायकलीवर सुऱ्यांना धार लावतो.
पावा ओठांवरून सर्रकन फिरवतो,
मग एक पाय जमिनीला टेकवून बघत राहतो
कुठली खिडकी उघडते.

शनिवारी रात्री दोन जॅकरंडांच्या मध्ये चादर बांधली,
ओदेतीच्या घरची, कोपऱ्यात इस्त्रीचा डाग असलेली.
चौकाने चौक पाहिला.
कुत्रं स्वतःवरच भुंकलं.
पोरं ओरडली, तो मी, तो माझा पाय!
वारा आला की बँकेला पोट सुटायचं.
पावतीवाली बाई तिसऱ्या मिनिटाला उठून गेली.
तिला अजून मला काही विचारवलेलं नाही.

टाळ्या संपल्यावर वॉशिंग्टन आला, टोपी हातात.
म्हणाला, छान आहे. पण पोरी,
यात मी चार सुऱ्या घासल्या.
चार! दिवसाला एक आली तर नशीब.
त्यातली शेवटची तर बोथटही नव्हती,
नील्साबाईंना जरा गप्पा मारायच्या होत्या.

मी म्हटलं, वेगवेगळ्या दिवसांच्या आहेत,
एकापुढे एक जोडल्यात.

ते कळलं, तो म्हणाला.
मधलं कुठे ठेवलंस?

मधलं माझ्या पिशवीत होतं,
एकसष्ट तास,
साबणाच्या वडीएवढ्या काळ्या डबीत.
काढून त्याच्या तळहातावर ठेवलं.
त्याने वजन पाहिलं. कानाशी नेलं.
मग कडेवरून अंगठा फिरवला, आडवा,
पात्यावरून फिरवतात तसा,
आणि परत दिलं.

धार नाही, म्हणाला.
बरोबर आहे.
वाट बघायला कशाला लागते.