टाइम झाला

यावलच्या एस. टी. स्टँडमागे
रुबाब तडवीचं पत्र्याचं दुकान होतं.
एका रुपयात पंधरा मिनिटं.
मे महिन्यात पत्रा असा तापायचा
की अ‍ॅडॅप्टरवर ओलं फडकं ठेवायचे रुबाबभाई;
आमच्या डोक्यांना फडकं नव्हतं.

कॅसेट अडली की उपसायची,
फुंकर घालायची,
खरचटल्या गुडघ्यावर घालतात तशी,
परत खोचायची.
मग पडद्यावरचा बोटभर माणूस पळायला लागे
आणि नाणं उचललं की
टुडिंग.

शंभर झाली की एक जीव वाढतो, म्हणायचे.
खिशात काही नाही, पडद्यावर चौऱ्याण्णव,
आणि लाइट गेली.
अठ्ठ्याऐंशीवर गेली.
एकदा अठ्ठ्याण्णववर.
अंधारात सगळ्यांनी मिळून शिवी हासडली
कधी न पाहिलेल्या त्या लाइटवाल्याला,
त्याच्या आईपासून सुरू करून.

तो लाइटवाला आता मी आहे.

तेहेतीस केव्हीचं उपकेंद्र, रात्रपाळी,
खिडकीच्या जाळीला चिकटलेले पाखरांचे पंख.
मेसेज येतो, डोंगरकठोरा फिडर बंद करा,
आणि माझा फोन वाजतो
टुडिंग.
हेल्पर नेहेते डबा उघडता उघडता विचारतो,
पैसे आले का साहेब?
आले, म्हणतो मी,
आणि हँडल खाली ओढतो.
सातपुड्याच्या पायथ्याची एक ओळ विझते.
तिकडे आता नाणी कोणी वेचत नाही,
माहीत आहे मला.
शिवी बहुतेक तीच असेल.

आवाज बदल, बायको म्हणते,
मयतीतसुद्धा वाजला होता.
बदलून पाहिला दोन दिवस.
कोणाचाही फोन वाजावा तसा वाजायचा,
मी उचलायचोच नाही.

परवा बाजारात भरताची वांगी निवडत होतो,
देठाशी काटे असलेली, बामणोदकडची.
खिशात वाजलं.
टोपल्यांमागे पांढऱ्या दाढीचा एक म्हातारा
तागडीचा काटा बघत होता.
त्यानं मान वर केली नाही,
माझ्याकडे पाहिलं नाही,
काटा स्थिर होईपर्यंत थांबला
आणि म्हणाला,
"ऊठ रे भो, टाइम झाला."

मी तर उभाच होतो.
तरी सरकलो,
मागच्याला जागा करून दिली.