चार विभक्त्यांत तुझं नाव

शाळेतून तू कागद आणलास:
'माझ्या नावाचा अर्थ. दहा ओळी.'
खिडकीशी पेन्सिलीचं टोक चावत बसलीस.
दुपारचे तीन, आणि फ्योर्डवर
दिवस आवरायला लागला होता.

लिही.
लिहायचं फीफा, म्हणायचं फीवा.
उन्हाळ्यात तो परदेशी पाहुणा
दप्तरावरचं नाव वाचून हसला होता,
'फुटबॉल खेळतेस वाटतं?'
तू म्हणालीस, 'नाही. मी गवत आहे.'

गवतच.
दलदलीत उगवणारं, शेंड्याला पांढरा पुंजका.
नवख्याला वाटतं कापूस.
सूत काढायला जावं तर तुटतो,
उशीत भरावा तर वर्षभरात त्याचा भुगा.
स्टेनवोरमावशी म्हणायची,
एकाच कामाचा तो: वात.
तिच्या आईने लहानपणी मांडीवर वळलेल्या वाती,
शार्कच्या यकृताच्या तेलात बुडवलेल्या.
उजेड जेमतेम, वास घरभर.
त्या उजेडात बायका लोकर विंचरायच्या
आणि कुणीतरी मोठ्याने वाचायचं,
वाचणाऱ्याच्या भुवया काजळायच्या.
हे लिही. बाईंना आवडेल.
उजेडाची गोष्ट कुणाला आवडत नाही?

आता ऐक ते, जे मी कुणाला सांगितलं नाही.

तू पोटात होतीस. जुलै.
ईस्लेवुरची गाडी पठारावर बंद पडली
आणि धुकं असं उतरलं
की माझाच हात मला परका वाटावा.
तो म्हणाला, सरळ जाऊ, खाली घर दिसेलच.
दिसत काहीच नव्हतं.
पायाखाली मऊ, हिरवं, समजूतदार शेवाळ.
मग गुडघ्याच्या उंचीवर
पांढरे ठिपके. शेकडो. हलणारे.
वडील मेंढ्या हाकताना ओरडायचे ते आठवलं:
'पांढरं दिसलं की थांब!
तिथे जमीन नाही, जमिनीचं सोंग आहे.'
मी थांबले.
ईस्लेवुर एक पाऊल पुढे होता.
मांडीपर्यंत आत गेला.
ओढून काढला त्याला, माझ्या स्कार्फने,
पोट सांभाळत, शिव्या देत.
मग त्या पांढऱ्याला डाव्या हाताला ठेवत
चार तास चाललो.

ऑक्टोबरात तू आलीस.
सात आठवडे तुला नाव नव्हतं.
दवाखान्याच्या पट्टीवर नुसतंच 'मुलगी'.
ईस्लेवुरची आई म्हणाली,
गवताचं नाव? एवढी फुलं पडलीत जगात!
मी यादी पाहिली. होतं.
मग चालवून पाहिलं,
कारण आपल्याकडे नाव वाकावं लागतं,
ताठ नावाला भाषेच्या दारातून आत येता येत नाही.

ही फीवा.
फीवूबद्दल.
फीवूपासून.
फीवूकडे.

एकदा फीवा, मग तीनदा फीवू.
समोर उभी असशील तेवढीच तू अख्खी;
लोक तुझ्याविषयी बोलतील,
तुझ्यापासून दूर जातील, तुझ्याकडे परततील,
तेव्हा तुझा शेवट
थोडासा त्यांच्या तोंडचा असणार.
याची सवय करून घे.
ईस्लेवुर स्वयंपाकघरात उभ्याउभ्याच
चारही रूपं दोनदा म्हणाला,
मग खाली मान घालून
आपल्या पायांकडे बघत राहिला.
'हेच,' म्हणाला.

किती ओळी झाल्या? सात.
वात लिहिलीस, तेल लिहिलंस,
शार्क काढलास समासात, होडीपेक्षा मोठा.
दलदलीचं राहू दे, मी म्हटलं.
तू विचारलंस,
'बाबांचा पाय निघाला. आणि बूट?'
बूट आहे तिथेच.
'कुठला, डावा?'
डावा.

तू कागदावर वाकलीस, हाताचा आडोसा करून.
झोपल्यावर मी पाहिलं.
दहा नव्हत्याच, आठच ओळी,
आणि आठवी, खोडून पुन्हा लिहिलेली:
'माझ्या नावाखाली
माझ्या बाबांचा एक बूट आहे.'