अंदाजपत्रक

साखर पेठेतला वॉल्व्हचा रेडिओ.
काचेवर दिल्ली, कोलंबो. सोलापूर नाही.
मागचा पुठ्ठा उचकटला तर
चेसिसवर बोटभर मागाची पिंजी.

फुंकली, शिंकलो, लिहून घेतलं:
फिल्टर कंडेन्सर फुगलाय, बदलणे.
आउटपुटचा वॉल्व्ह थकलाय, पण दिवाळी काढेल.
ट्रान्सफॉर्मरला जळका वास नाही, देव पावला.
डायलची दोरी...

दोरी नव्हतीच.
पुलीवर चादरीचं लाल सूत,
विणकराची बारीक गाठ.

“सूत सैलावतं, काटा चुकतो, अंबय्या.
नायलॉन ओढतो.”
“वद्दु,” तो म्हणाला. “गाठ अक्काची आहे.
बातम्या दोन बोटं अलीकडे लागतात,
घरात सगळ्यांना ठाऊक.”

मंगळवारी चालू केला.
आधी दिवा, मग गुरगुर,
मग नुसतीच खरखर.
मी छापील आकड्यावर
शोधत बसलो होतो.