आवर्तन

एकतीस वर्षं मी पाणी सोडलं.
खांद्यावर लोखंडी चावी, माझ्या छातीएवढी उंच,
पहाटे पावणेचारला दत्तवाडी, पाचला नवी पेठ,
आणि तिसऱ्या मजल्यावरून दर सोमवारी तोच आवाज :
"चावीवाले, आज धार करंगळीएवढी का?"

निवृत्तीच्या दुसऱ्या वर्षी सुनेने तिकीट काढलं.
'एक दिवस दगडात', नाश्ता-जेवणासह साडेनऊशे.
स्वारगेटहून मिनीबस. शेजारी बेहराम इराणी,
चष्म्यांचे दुकानदार, मांडीवर
दोन-दोन लिटरच्या तीन बाटल्या, लेकरांसारख्या धरलेल्या.
शिक्रापूर गेलं, शिरूर गेलं,
मग बाभळी. मग बाभळीही विरळ.

टाकळी हाजीला गाइड चढला, अंबादास लंघे.
पायात टायरच्या चपला, गळ्यात शिट्टी.
म्हणाला, "शेवाळावर भरवसा नाही ठेवायचा.
माझ्यावर ठेवायचा, पण बेताने."

एप्रिलातली कुकडी.
काळ्या कातळात चिरलेली दरी
आणि तळाला खळगेच खळगे,
जणू कुणी लग्नाला रांजण मांडले
अन् वऱ्हाड आलंच नाही.
काहींत हिरवं पाणी, काठी बुडेल एवढं.
वाटीएवढ्या एकात टाचणीएवढा मासा,
त्याला वाटत असावं, नदी एवढीच असते.

अंबादास एका कोरड्या खळग्यात उतरला,
कमरेइतका, छातीइतका, मग दिसेनाच.
वर आला तो हातात गोटा घेऊन,
भाकरीच्या उंड्याएवढा, गुळगुळीत.
"हा कारागीर. पूर आला की आत घुमतो,
भिंत खातो. भिंत याला खाते.
खळगा वाढतो, हा झिजतो. शेवटी वाळू."
"मग पुढे कोण कोरतं?" एका मुलीने विचारलं.
"वरून दुसरा येतो."

गोटा हातोहात फिरला.
इराणींनी तो चष्मा काढून पाहिला, मग चष्मा घालून.
एका बाईंनी किंमत विचारली.
माझ्याकडे आला, आणि उजव्या तळव्यात
चावीने पाडलेल्या घट्ट्यांमध्ये
बरोबर बसला.

जेवण हौसाबाईंच्या ओसरीवर.
बाजरीची भाकरी, ठेचा, कांदा.
पाणी निळ्या पिंपातलं, प्रत्येकी एक पेला.
मी दुसरा मागितला, तेव्हा त्यांनी आधी पिंपात पाहिलं,
मग माझ्याकडे.
ती नजर मला ओळखीची होती.
आजवर मी तिच्या दुसऱ्या टोकाला उभा होतो.

"टँकर अकराव्या दिवशी," अंबादास म्हणाला.
"नदीचं म्हणाल, तर आवर्तन सुटेल तेव्हा."
"कोण सोडतं?"
"असेल कुणी तरी. वर, धरणावर.
आम्ही काय त्याचं तोंड पाहिलेलं नाही."
सांगावंसं वाटलं :
त्यालाही वरून फोन येतो, बाबा,
त्याचीही कंबर दुखते.
पण पेला हातात होता. मी पाणी संपवलं.

बसपाशी अंबादासने डोकी मोजली.
"माणसं सतरा, बरोबर. गोटा कुठाय?"
पिशव्या उघडल्या. इराणींनी बाटल्यासुद्धा हलवून पाहिल्या.
गोटा माझ्या खिशात निघाला.
चोरला नव्हता, देवाशपथ. ड्युटी संपल्यावर
चावी जशी आपोआप खांद्यावर जायची, तसा तो गेला होता.
अंबादास रागावला नाही.
"पावसाच्या आत जागेवर टाकायला लागतो," एवढंच म्हणाला.
"नाय तर काम तुंबतं."

रात्री पावणेचारला जाग आली.
मूठ मिटलेली, आत काही नाही.
खाली स्कूटर थांबली. नवा पोरगा.
लोखंडावर लोखंड लागलं.
भिंतीतला पाइप खोकला, मग वाहू लागला.
मी मोजत होतो.
पोराने अकरा आटे फिरवले.
आमच्या गल्लीला तेरा लागतात.
उरलेले दोन
मी अंथरुणातच फिरवले.