रिकामं जातं

आमच्याकडे वारा एकशेवीस दिवस वाहतो.
खोरासानच्या या कडेला, हेरातच्या हद्दीअलीकडे,
मातीच्या उंच भिंतींत लाकडी फळ्या उभ्या गरगरतात
आणि खाली गहू दळला जातो.
एवढं प्रवाशांना दाखवतात.

शेवटचं जातं दाखवत नाहीत.

त्यात दाणा घालायचा नाही.
सूप खुंटीला टांगलेलं, तेही रिकामं,
हसायला त्यात कुणी नाही.
उस्ताद यारमहंमद म्हणायचा, माहरुख,
गहू असला की वारा गव्हाच्या नादी लागतो.
काहीच नसलं की स्वतःलाच दळतो.
आणि वाऱ्याच्या पोटात काय असतं? वेळ.
जिथून जिथून वाहिला, तिथली सांडलेली.
हंगाम हा शब्दसुद्धा आम्ही ऋतूला ठेवला नाही,
वेळेलाच म्हणतो.

पाच वर्षं मी नुसता वास घेतला.
पहिल्या वर्षी सगळे झोत सारखे: धूळ, उंट, तापलेली वीट.
तिसऱ्या वर्षी भर उन्हात एकात ओल लागली.
उस्ताद म्हणाला, ही माझ्या लग्नाच्या साली पडलेली गार.
चाळीस वर्षं हिंडून आली,
बघ, अजून वितळलेली नाही.
मी तळवा पुढे केला.
रात्रीपर्यंत बोटं मिटेनात.

मग फळी बांधायला शिकले.
एका फळीला कापड, कापडाला गाठ.
हवी ती दुपार ओळखली की गाठ सोडायची,
एक श्वास उशीर झाला
तर अख्खा मोर्दाद महिना अंगावर येतो.

नियम थोडे.
पुढचं विचारायचं नाही:
जो वारा अजून कुणाच्या छपरावरून गेला नाही
त्याला काय ठाऊक?
आणि दळलेली घटका पुन्हा मिळत नाही,
ना वाऱ्यात, ना डोक्यात.
ऐकायची ती एकदाच, मग तिचं पीठ.

गुलअंदाम आली तो त्र्याऐंशीवा दिवस.
तिचा सोहबत बारा वर्षांपूर्वी
दुपारच्या जेवणावरून भांडून गेला होता,
सरहद्दीपलीकडे, कुठल्याशा वीटभट्टीवर.
तिला ती दुपार हवी होती.
उस्तादाचं नाक तोवर गेलेलं. नाक आता माझं.

मी सांगितलं, वारा चेहरा आणत नाही,
जे बांधलेलं नव्हतं तेवढंच आणतो.
आणि नंतर तुझ्याकडेही काही उरणार नाही.
ती म्हणाली, चालेल.
मग म्हणाली, थांब.
मग म्हणाली, चहा आहे का?
खडीसाखर दाताखाली धरून तीन पेले प्यायली.

ऊन कलताना झोत आला.
करपलेला कांदा, ओला चुना,
कुणाच्या तरी नव्या चपलेचं कातडं.
माझी बोटं गाठीवर.
गुलअंदामनं भिंतीला कान लावला.

फाटकाची कडी वाजली.
मग पुन्हा वाजली.

दोनदा, ती म्हणाली.
म्हणजे वळला होता. आत आला होता.
मी तेव्हा शेगडीपाशी तोंड चालवत होते,
मला एकदाच ऐकू आली होती गं.

सोड, असं ती म्हणाली नाही.
मी गाठ सोडली नाही.
झोत फळ्यांना चाटून हेरातच्या दिशेनं गेला,
पोटात ती कडी घेऊन.

उस्ताद कोपऱ्यातून करवादला:
वाया घालवलीत! आता फिरून यायला
तिला चाळीस वर्षं लागतील.
गुलअंदाम पदराला हात पुसत म्हणाली,
मग? मी कुठं चाललेय?

उरलेले सदतीस दिवस ती आमच्याकडे राबली,
शेजारच्या जात्यावर, गव्हाच्या.
रोजची मजुरी रोज मोजून घेतली.
मधेच हात थांबवून
फाटकाकडे बघायची, ते मी पाहिलं.
त्या साली पीठ जरा जाडसर पडलं.
कुणी तक्रार केली नाही.