निव्वळ वजन

जालन्याच्या एमआयडीसीत, सळईच्या कारखान्यापाशी
मी काटा चालवतो.
भंगाराची गाडी येते: भरती वजन.
उतरवून परत येते: रिकामं वजन.
पहिल्यातून दुसरं गेलं की निव्वळ.
एवढ्यावरही ड्रायव्हर भांडतात,
डिझेल धरलं का, क्लीनर खाली उतरला होता का.

मीच नाही भांडलो.
बोधनकर साहेब म्हणाले, हप्ता सोळा हजार एकशे पंच्याण्णव,
मी पगारातून तेवढे वजा करून पाहिले
आणि म्हणालो, बसतंय.
चपलेच्या दुकानात म्हणतात तसं.

अठरा लाख, वीस वर्षं, दोनशे चाळीस हप्ते.
वरचे सहा लाख माझ्या पीएफचे आणि दैवशालाच्या पाटल्यांचे.
सहाशे फूट, दुसरा मजला,
नळाला दहा दिवसांनी पाणी, पण खिडकी पूर्वेला.

परवा दैवशाला बँकेतून तक्ता घेऊन आली.
ती ब्लाउज शिवते. कापड कुठं किती वाया जाणार
हे तिला कात्री उचलायच्या आधी दिसतं.
भाकरी झाल्या, तवा निवायचा होता अजून,
तिनं पहिल्या ओळीवर पिठाचं बोट ठेवलं:
व्याज साडेतेरा हजार.
मुद्दल दोन हजार सहाशे पंच्याण्णव.
"अहो, ही तर नुसती गाडीच गाडी. माल कुठंय?"

तीन वर्षांत भरले पाच लाख त्र्याऐंशी हजार.
मुद्दल उतरलं, एक लाख अकरा हजारसुद्धा नाही.
तिनं चार हजार रुपये फुटानं भागलं,
गळ्यातली टेप काढली आणि न्हाणीघरात शिरली.
"हॉल पाटल्यांनी आधीच सोडवलाय," आतून आवाज आला,
"आणि सत्तावीस फूट ही मोरी. बास."
श्रावस्ती पहिलीत आहे. तिनं लगेच जाऊन
आपल्या मोरीत तांब्याभर पाणी ओतलं.
एरवी दैवशाला पाण्यावरून ओरडते.

मग तो मेसेज निघाला, पाच महिन्यांपूर्वीचा.
व्याजदर वाढला आहे, आपला हप्ता तोच राहील.
तेव्हा मी एवढंच वाचलं होतं
आणि खुशीत तिघांना चहा सांगितला होता.
खालची ओळ तिनं वाचली:
दोनशे चाळीसचे दोनशे एकोणसत्तर.
मी अठ्ठावन्नला निवृत्त.
कर्ज पुढंही दोन वर्षं ड्यूटीवर.
चोवीस लाखांचं घर एकोणपन्नासला पडणार, पाहुण्यांना मात्र
आम्ही चोवीसच सांगत आलोय.

आमच्या गावाला सोन्याचा पाळणा म्हणतात.
दोरी कुणाच्या हातात, ते म्हणीत नाही.

रात्रपाळीला गाड्या थांबल्यावर
मी तक्ता घेऊन काट्यावर उभा राहिलो. सत्तर.
कागद खाली टाकून पुन्हा चढलो. सत्तर.
साठ टनांचा काटा, दहा किलोच्या आतलं त्याला कळत नाही.
सोळा वर्षं याच्यापाशी बसून
माझीही नजर तशीच झाली असणार.

सकाळी घरी आलो तर अर्ज लिहून तयार:
दरमहा जादा दोन हजार मुद्दलात जमा करावेत.
कालावधी कमी करावा, हप्ता नव्हे.
"हप्ता नव्हे" खाली दोन रेघा.
दोन हजार म्हणजे महिन्याला आठ ब्लाउज जास्त.
एकोणसाठ हप्ते कमी होतात, तिनं विचारून घेतलंय.
छप्पन्नच्या आत मोकळे.

मी म्हणालो, आणि तुझे डोळे?
सुई ओवायला तू हल्ली पोरीला हाक मारतेस.
ते कोणत्या रकान्यात धरलेस?

तिनं अर्ज माझ्यापुढं सरकवला,
सहीची जागा दाखवली,
आणि मशीनला तेल घालायला उठली.